सासू, सून आणि 'फाटर'मधला ट

जर्मन शिकायला घेतलं की पहिल्या काही आठवड्यांतच कुटुंबाचा धडा येतो. फाटर म्हणजे वडील, मुटर म्हणजे आई, ब्रूडर म्हणजे भाऊ. हे पितृ, मातृ, भ्रातृ आहेत हे मराठी विद्यार्थ्याला सांगावं लागत नाही. शब्द चटकन पाठ होतात आणि वर्ग पुढच्या धड्याकडे वळतो.

पण या तीन शब्दांच्या मधल्या व्यंजनाकडे जरा बघा. संस्कृतात तिन्ही ठिकाणी त आहे. जर्मनमध्ये मात्र फाटर आणि मुटर यांत ट आहे, ब्रूडरमध्ये ड. मूळ त एकच असेल, तर वडील आणि आई एका वाटेने गेले आणि भाऊ दुसऱ्या वाटेने, असं का व्हावं? एकोणिसाव्या शतकातले युरोपातले मोठमोठे भाषाशास्त्रज्ञ पन्नासेक वर्षं या प्रश्नाशी झगडत होते. उत्तर सापडलं ते ऋग्वेदाच्या स्वरांत, म्हणजे मंत्र म्हणताना आवाज कुठल्या अक्षरावर चढतो त्यात. भाषांच्या अभ्यासातली इतकी सुंदर उकल मला दुसरी माहीत नाही.

इंग्रजी, जर्मन, डच, फ्रिशियन, यिडिश, आफ्रिकान्स, स्वीडिश, डॅनिश, नॉर्वेजियन, आइसलँडिक, फेरोईज या सगळ्या एका घराण्यातल्या भाषा. त्यांना जर्मॅनिक भाषा म्हणतात. जर्मन ही त्यांची आई नव्हे, बहीण. त्यांची मूळ भाषा साधारण अडीच हजार वर्षांपूर्वी दक्षिण स्कँडिनेव्हिया आणि उत्तर जर्मनीच्या पट्ट्यात बोलली जात होती, पण तिचं लिखित पान एकही नाही. लेकींच्या चेहऱ्यांवरून आईचा चेहरा काढावा, तशी ती अभ्यासकांनी शब्दाशब्दाने उभी केली. या कामात सगळ्यात मोठा आधार गॉथिक भाषेचा. चौथ्या शतकात वुल्फिला नावाच्या बिशपने गॉथिकसाठी लिपी तयार करून बायबलचं भाषांतर केलं. त्याची सहाव्या शतकातली एक प्रत स्वीडनमध्ये उप्साला इथे आहे: जांभळ्या रंगवलेल्या चर्मपत्रावर चांदीच्या आणि सोन्याच्या शाईने लिहिलेली. गॉथिक भाषा कधीच लोपली, पण त्या भाषांतराच्या उरलेल्या पानांत 'फादार' आणि 'ब्रोथार' हे शब्द आजही वाचता येतात. एकात द, दुसऱ्यात थ. म्हणजे वडील आणि भाऊ यांच्या वाटा तेव्हाच वेगळ्या झाल्या होत्या.

या भाषांचं संस्कृत, ग्रीक, लॅटिनशी नातं आहे, हे सर विल्यम जोन्स यांनी १७८६ मध्ये कलकत्त्यात सांगितलं होतं. पण नातं आहे असं म्हणणं वेगळं आणि ते व्यंजनागणिक दाखवणं वेगळं. ते दाखवलं डेन्मार्कच्या रासमुस रास्क यांनी, १८१८ मध्ये छापलेल्या जुन्या नॉर्स, म्हणजे स्कँडिनेव्हियाच्या जुन्या भाषेवरच्या प्रबंधात. हे रास्क पुढे रशिया, इराण करत १८२० मध्ये मुंबईला आले, पारशी समाजाकडून अवेस्ता आणि पहलवीची हस्तलिखितं मिळवली आणि ती कोपनहेगनला नेली. जर्मॅनिक भाषाशास्त्राचा पाया घालणारा माणूस मुंबईच्या गल्ल्यांतून हिंडला होता, हे आपल्याकडे फारसं कुणाला ठाऊक नसतं. रास्क यांच्या निरीक्षणांना नियमाचा आकार दिला याकोप ग्रिम यांनी, १८२२ मध्ये, आपल्या जर्मन व्याकरणाच्या दुसऱ्या आवृत्तीत. हिमगौरीची आणि सिंड्रेलाची गोष्ट गोळा करणाऱ्या दोन भावांपैकी हा थोरला.

ग्रिमचा नियम समजायला मराठीच पुरते. आपले प, त, क हे जर्मॅनिक भाषांत फ, थ, ह झाले: पाद आणि फूट, तीन आणि थ्री. आपले ब, द, ग हे प, ट, क झाले: दोन आणि टू, दहा आणि टेन, दात आणि टूथ. आणि भ, ध, घ यांचा महाप्राण गळून ब, द, ग उरले: भ्रातृ आणि ब्रदर, मधु आणि मीड, विधवा आणि विडो. (इथे थ म्हणजे इंग्रजी 'थिंग'मधला, दातांवर जीभ टेकवून हवा सोडत म्हणायचा.) बैलांच्या मानेवरचं जू घ्या. ते 'युग'पासून आलं, आणि युगचं इंग्रजी भावंड योक. ग चा क झाला. गाय आणि काऊ यांत वरवर काही साम्य दिसत नाही, पण तिथेही ग चा क झालेला आहे. शिंग आणि हॉर्न तर आणखी दूरचे वाटतात. संस्कृतातला तिथला श मुळात क होता. लॅटिनमध्ये तो टिकला, म्हणून शत तिकडे केंतुम. आणि तोच क ग्रिमच्या नियमाने ह झाला, म्हणून हंड्रेड आणि म्हणून हॉर्न.

या ठिकाणी मला थोडं आग्रहाने बोलायचं आहे. इंग्रजी शब्द संस्कृतातून निघाले असं सांगणारे संदेश आपल्याकडे रोज फिरतात, आणि पुरावा म्हणून दिसायला सारख्या शब्दांची यादी दिलेली असते. दोन भाषांचं नातं दिसण्यावरून ठरत नाही, नेमाने होणाऱ्या बदलावरून ठरतं. लॅटिनमध्ये 'असणे, जवळ बाळगणे' याला हाबेरे म्हणतात आणि इंग्रजीत हॅव. अर्थ तोच, रूपही जवळजवळ तेच. तरी त्यांचं काही नातं नाही, कारण इंग्रजी ह च्या जागी लॅटिनमध्ये क हवा. हॅवचा खरा लॅटिन भाऊ आहे कापेरे, म्हणजे 'पकडणे'. आणि शतवरून केंतुम कधीच निघू शकत नाही: क चा श जगभर होतो, उलटा प्रवास होत नाही. संस्कृत ही या भाषांची आई नसून थोरली बहीण आहे. तिची खरी थोरवी कशात आहे, ते पुढे येतंच आहे.

ग्रिमचा नियम शेकडो शब्दांना लागू पडत होता, पण काही शब्द हट्टाने बाहेर उभे होते. पितृमधल्या त चा थ व्हायला हवा होता, भ्रातृमध्ये झाला तसा. झाला नाही. काही अपवादांचा उलगडा १८६३ मध्ये हेरमान ग्रासमान यांनी केला. ते गणिती होते आणि ऋग्वेदाचा कोशही त्यांनीच केला. पण पितृ-भ्रातृचं कोडं तसंच राहिलं. भाषेत थोडंफार वेडंवाकडं चालायचंच, असं म्हणून लोक पुढे जात.

कार्ल व्हेर्नर हा डेन्मार्कचा, १८४६ चा जन्म. १८७५ मध्ये, तिशीच्या आत असताना, एक दिवस त्याला बरं वाटत नव्हतं. जरा डोळा लागावा म्हणून पडल्या पडल्या त्याने एक जाडजूड पुस्तक हाती घेतलं. ते निघालं फ्रान्त्स बॉप यांचं तौलनिक व्याकरण. सहज उघडलेल्या पानावर पितर् आणि भ्रातर् हे दोन शब्द होते, आणि त्यांवर वैदिक स्वरांच्या खुणा होत्या. पितर् मध्ये स्वर शेवटच्या अक्षरावर, भ्रातर् मध्ये पहिल्या. ही हकीकत त्याने स्वतःच पुढे सांगितलेली आहे. पेंगत असताना त्याच्या मनात आलं: फरक इथूनच आला नसेल?

मग त्याने एकेक अपवाद काढून तपासला, आणि सगळे ओळीने जागेवर बसले. नियम असा: ग्रिमच्या बदलाने तयार झालेले फ, थ, ह आणि मूळचा स हे शब्दाच्या आत असले आणि त्यांच्या लगेच आधीच्या अक्षरावर स्वराचा चढ नसला, तर ते घोष होतात. घोष म्हणजे काय ते गळ्यावर दोन बोटं ठेवून बघा. सापासारखं 'स्स्स' म्हटलं तर बोटांना काही लागत नाही. 'माझा'मधला झ लांबवून म्हटला की गळा थरथरतो. ती थरथर म्हणजे घोष. भ्रातृमध्ये चढ आधीच्या 'भ्रा'वर, म्हणून थ तसाच राहिला. पितृ आणि मातृ यांत चढ शेवटी, म्हणून थ घोष होऊन 'दॅट'मधल्या द सारखा झाला. पुढे जर्मनमध्ये व्यंजनांची आणखी एक फेरी झाली, तीत द चा ट झाला आणि थ चा ड. फाटर, मुटर, ब्रूडर! इंग्रजीत फादर आणि ब्रदर आज सारखेच ऐकू येतात, पण जुन्या इंग्रजीत फॅडर आणि ब्रोथोर असे ते वेगळे होते. फादरमध्ये पुन्हा दंत्य घर्षण आलं ते फार नंतर.

खरं नवल पुढे आहे. ज्या चढामुळे हे सगळं घडलं, तो जर्मॅनिक भाषांत शिल्लकच नव्हता. तिथे कालांतराने प्रत्येक शब्दाचा जोर पहिल्या अक्षरावर जाऊन बसला. कारण पुसलं गेलं, परिणाम तेवढा व्यंजनांत थिजून राहिला. आपल्याकडेही नंतरच्या संस्कृतात तो बोलण्यातून गेला, मराठीत तर त्याचा मागमूस नाही. टिकला तो वेदपाठींच्या तोंडी. पदपाठ, क्रमपाठ, घनपाठ अशा उलटसुलट आवृत्त्या करून, कुठल्या अक्षरावर आवाज चढवायचा हेसुद्धा त्यांनी पिढ्यानपिढ्या जपलं, लिहून न ठेवता. पाणिनीने त्याचे नियम बांधले. युरोपात स्वरचिन्हांसह ऋग्वेद छापला गेला तो एकोणिसाव्या शतकात. मॅक्स म्युलर यांची सायणभाष्यासह आवृत्ती १८४९ ते १८७४ या काळात निघाली. व्हेर्नरच्या हाती ही किल्ली अगदी ताजी आलेली होती.

ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं ८५ वं सूक्त हे विवाहसूक्त. त्याच्या ४६ व्या ऋचेत नववधूला आशीर्वाद आहे: सम्राज्ञी श्वशुरे भव, सम्राज्ञी श्वश्र्वां भव. सासऱ्याच्या घरी राणी हो, सासूपाशी राणी हो. स्वरचिन्हं असलेली पोथी उघडा. श्वशुरे मध्ये 'श्व'ला कुठलीच खूण नाही आणि 'शु'च्या डोक्यावर उभी रेघ आहे: म्हणजे चढ 'श्व'वर. श्वश्र्वां मध्ये 'श्व'खाली आडवी रेघ आहे आणि 'श्र्वां' कोरं आहे: म्हणजे चढ शेवटी. सासरा आणि सासू, एकाच धातूचे, एकाच ओळीतले, पण चढ वेगळ्या जागी. आता जुन्या जर्मनमध्ये बघा. सासऱ्याला शब्द आहे स्वेहुर आणि सासूला स्विगर. मूळ क चा ह झाला. सासऱ्यात तो ह राहिला, सासूत तो घोष होऊन ग झाला. ऋचेतल्या एका आडव्या रेघेने जे सांगितलं, तेच तिकडे एका ग ने.

आजच्या जर्मनमध्ये सासू आहे श्वीगरमुटर. सासऱ्यासाठी असलेला जुना शब्द वापरातून जवळजवळ गेला, आणि त्याला आता श्वीगरफाटर म्हणतात. जावई श्वीगरझोन, सून श्वीगरटोख्टर. सगळं सासर सासूच्या नावाने चालतं. आपली 'सून'ही या कथेत आहेच. ती स्नुषा या शब्दापासून आली, आणि स्नुषामध्येही चढ शेवटी. म्हणून मधला स घोष झाला, आणि असा घोष झालेला स इंग्रजी-जर्मनकडे पुढे र बनतो. जुन्या इंग्रजीत सुनेला म्हणत स्नोरु.

परक्याने जपलेलं घरच्याला कामी आलं, असं या अभ्यासात आणखी एकदा घडलं आहे. फिनिश भाषा जर्मॅनिक घराण्यातली नाही, शेजारीण आहे. तिने फार पूर्वी राजासाठी जर्मॅनिक शब्द उसना घेतला आणि तो आजही कुनिंगास असाच म्हटला जातो. इंग्रजीत त्याचा किंग झाला, जर्मनमध्ये क्योनिश. शेवटचा '-अझ' सगळ्या लेकींनी गमावला किंवा झिजवला. फिनिशने तो '-आस' म्हणून सांभाळला. संस्कृतातल्या देवस्, अश्वस् यांच्या शेवटचा अस् तोच. तो खरोखर होता याची साक्ष डेन्मार्कमधल्या गालेहूसच्या सोन्याच्या शिंगावरही होती. इ.स. ४०० च्या सुमाराच्या त्या शिंगावर रून लिपीत ज्याने ते घडवलं त्याचं नाव कोरलेलं: ह्लेवागास्तिझ होल्तियाझ. ते शिंग १७३४ मध्ये सापडलं आणि १८०२ मध्ये कोपनहेगनमधून एका सोनाराने चोरून वितळवलं. सुदैवाने आधीच त्याची चित्रं काढून ठेवलेली होती.

व्हेर्नरच्या शोधाने अभ्यासकांची वृत्तीच बदलली. १८७८ मध्ये लाइपझिगच्या तरुण मंडळींनी, ब्रुगमान आणि ओस्टहॉफ यांनी, ध्वनिनियमांना अपवाद नसतो असं ठामपणे मांडलं. अपवाद दिसला तर तो अजून न सापडलेला नियम समजा आणि शोधत राहा. इकडे मुंबईत रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी १८७७ मध्ये संस्कृत आणि तिच्यापासून निघालेल्या भाषांवर व्याख्यानं दिली, तीही याच पद्धतीच्या प्रकाशात.

आणि हा नियम बघायला जुन्या पोथ्याच हव्यात असं नाही. शाळेत इंग्रजी शिकताना आपण सगळ्यांनी घोकलं आहे: आय वॉज, वी वेअर. एकवचनात स, अनेकवचनात र. असं का, ते कुणी सांगितलं नव्हतं. हा धातू आपल्या ओळखीचा आहे: वस्, म्हणजे राहणे. वसणे, वस्ती, वसतिगृह यांतला. संस्कृतात त्याचं परोक्ष भूतकाळातलं एकवचन उवास, अनेकवचन ऊषुः. उवासमध्ये चढ 'वा'वर, स च्या आधी. ऊषुः मध्ये तो शेवटच्या 'षुः'वर.