बालगृहातून बाहेर पडताना: अनुरक्षणाचा अर्ज, पात्रता आणि कागदपत्रे

बालगृहातल्या मुलाची जन्मतारीख काढा. १८ वर्षं पूर्ण होतात तो दिवस धरा आणि त्याच्या दोन महिने मागे या. त्या तारखेपर्यंत मुलाचा 'संस्था सोडल्यानंतरचा आराखडा' बाल कल्याण समितीपुढे (काळजी आणि संरक्षणाची गरज असलेल्या मुलांबाबत निर्णय घेणाऱ्या जिल्ह्यातल्या समितीपुढे) गेलेला असायला हवा, असं बाल न्याय कायद्याखालचे २०१६चे आदर्श नियम सांगतात. अनुरक्षणाचा, म्हणजे संस्था सोडल्यानंतरच्या आधाराचा, खरा अर्ज म्हणजे हा आराखडाच. अठरा पूर्ण झाली की एखादा फॉर्म भरायचा, असं अनेकांना वाटतं. पण तोपर्यंत मुलगा बॅग भरून दारात उभा असतो आणि त्याच्या नावावर एकही आदेश नसतो.

मी गेली काही वर्षं रविवारी नववी ते बारावीच्या अशा मुलामुलींबरोबर बसते. अभ्यास, पुढचं शिक्षण, नोकरी, खोली, पैसे, सगळंच बोलणं होतं. तिथे वारंवार विचारले जाणारे प्रश्न डोळ्यांपुढे ठेवून हे लिहिते आहे. बालगृहातले काळजीवाहक, शिकवायला जाणारे ताई-दादा, प्रतिपालक (अशा मुलांना आपल्या घरी सांभाळणारी) कुटुंबं आणि स्वतः ही मुलं, सगळ्यांसाठी.

आधी अनुरक्षण म्हणजे काय ते पाहू. बाल न्याय (मुलांची काळजी व संरक्षण) अधिनियम, २०१५ मध्ये त्याची व्याख्या आहे: १८ पूर्ण झालेली पण २१ पूर्ण न झालेली, संस्थेतून बाहेर पडलेली व्यक्ती समाजात स्थिरावावी म्हणून तिला दिलेली आर्थिक किंवा इतर मदत. कलम ४६ मध्ये या आर्थिक मदतीची तरतूद आहे. अपवादात्मक परिस्थितीत २१ नंतर आणखी दोन वर्षं, म्हणजे २३पर्यंत मुदत वाढवता येते. केंद्राच्या मिशन वात्सल्य या बाल संरक्षण योजनेच्या २०२२च्या मार्गदर्शक सूचनांत यासाठी दरमहा दरडोई ४,००० रुपये ठरवले आहेत. नियमांप्रमाणे अनुरक्षणाचे पैसे मुलाच्या स्वतःच्या बँक खात्यात थेट जमा व्हायला हवेत, संस्थेच्या नव्हे.

पैशाखेरीज नियमांत आणखी बरंच आहे. सहा ते आठ जणांनी मिळून राहायची तात्पुरती सोय, व्यवसाय प्रशिक्षणाच्या काळात विद्यावेतन, उच्च शिक्षणासाठी शिष्यवृत्ती, नोकरी लागेपर्यंत आधार, नियमित भेटणारा समुपदेशक, स्वतःचा धंदा सुरू करायचा तर कर्ज आणि अनुदानासाठी मदत. प्रत्यक्षात अनुरक्षण गृहं प्रत्येक जिल्ह्यात नाहीत. म्हणून जिल्हा बाल संरक्षण कक्षाकडे अनुरक्षण देऊ इच्छिणाऱ्या संस्था आणि व्यक्तींची यादी मागा. अशी यादी तयार करून ती अद्ययावत ठेवणं हे त्या कक्षाचंच काम आहे.

एक गोष्ट मात्र नीट समजून घ्या. कलम ४६ मधला शब्द 'देता येईल' असा आहे, 'दिलीच पाहिजे' असा नाही. त्यामुळे हे आपोआप मिळत नाही. मागावं लागतं आणि या मुलाला याची गरज का आहे, हे कागदावर दिसावं लागतं.

पात्रतेबद्दल सर्वांत मोठा गैरसमज असा की मूल अनाथ असावं लागतं. तसं नाही. आई आहे पण सांभाळू शकत नाही, वडील तुरुंगात आहेत, घर आहे पण तिथे परत पाठवणं धोक्याचं आहे, अशी कितीतरी मुलं बालगृहात असतात. त्यांनाही अनुरक्षण मागता येतं. कायद्यात गुणांचीही अट नाही. दहावी नापास झालेल्या मुलाला तर आधाराची जास्तच गरज असते. विधिसंघर्षग्रस्त (गुन्ह्याचा आरोप असलेली किंवा गुन्हा केलेली मुलं) म्हणून विशेष गृहात राहिलेल्या मुलांनाही हे लागू आहे. फक्त त्यांचा आदेश समितीऐवजी बाल न्याय मंडळाकडून किंवा बाल न्यायालयाकडून येतो.

प्रतिपालक कुटुंबात वाढणाऱ्या मुलांचं काय, असं विचारलं जातं. कलम ४६ची भाषा 'संस्था सोडणाऱ्या' मुलाबद्दल आहे. त्यामुळे तुमच्या घरी असं मूल असेल तर सतराव्या वर्षीच समितीला लेखी अर्ज देऊन, यापुढे त्याच्यासाठी काय व्यवस्था होणार हे विचारा आणि अर्जाची पोच घ्या. राज्याची क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनाही वयाच्या अठराव्या वर्षी थांबते. दरमहा येणारे २,२५० रुपये बंद होण्याआधीच पुढचा विचार व्हायला हवा.

आता आराखड्याकडे येते, कारण सगळं यावर अवलंबून आहे. तो परिवीक्षा अधिकारी (प्रोबेशन ऑफिसर), बाल कल्याण अधिकारी किंवा सामाजिक कार्यकर्ता लिहितो. समिती किंवा मंडळ तो पाहून अनुरक्षणाचा आदेश देतं. आदर्श नियमांत त्यासाठी नमुना ३७ आहे. मुलाचा वैयक्तिक संगोपन आराखडा, म्हणजे नमुना ७, दाखल झाल्यापासून त्याच्या फाइलमध्ये असतोच. दोन्हींची सांगड दिसली पाहिजे.

मी पाहिलेल्या पुष्कळ आराखड्यांत एकच ओळ असते: 'सदर मुलास पुढील शिक्षणाची आवड आहे.' या ओळीवर कुणी काय आदेश देणार? एक मुलगा मला आठवतो. पुढे काय करायचं, असं विचारलं की खाली बघून "काहीही चालेल" म्हणायचा. चार रविवार हेच. पाचव्या रविवारी स्वयंपाकघरातल्या मावशी दारातून डोकावल्या आणि मला न विचारताच त्याला हाक मारून घेऊन गेल्या. मिक्सर बंद पडला होता. तो जमिनीवर मांडी घालून बसला, खालचं झाकण उघडलं आणि जळालेली वायर मला दाखवून ती का जळली हे सांगू लागला. इतकं सलग बोलताना मी त्याला प्रथमच ऐकलं. त्याच्या आराखड्यात मग असं आलं: आयटीआयमध्ये इलेक्ट्रिशियन ट्रेड, मुदत दोन वर्षं, वसतिगृह नाही, तिघांत मिळून खोली, बसचा पास, खानावळीचा डबा, हत्यारांचा संच, आणि प्रत्येकापुढे महिन्याचा अंदाजे खर्च. समितीपुढे उभं राहून हे त्याने स्वतः सांगितलं. आवाज थरथरत होता, पण आकडे त्याचे होते.

मार्गदर्शकाचं काम हेच आहे, असं मला मनापासून वाटतं. मुलाच्या वतीने बोलायचं नाही, त्याला बोलता येईल इथपर्यंत न्यायचं. हे दोन महिन्यांत होत नाही. पंधरा-सोळाव्या वर्षापासून सुरुवात करा. बाजारात घेऊन जा, पाचशे रुपयांत आठवड्याचा किराणा बसवायला सांगा, बँकेतली पैसे काढायची स्लिप त्याच्या हाताने भरून घ्या, डॉक्टरकडे त्यालाच बोलू द्या. आणि हे करताना त्याचे फोटो कुठेही टाकू नका. कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे या मुलांची ओळख उघड करायला मनाई आहे.

कागदपत्रांत सर्वांत जास्त वेळ जातो. साधारणपणे मागितले जातात ते असे: समितीचा किंवा मंडळाचा संस्थेत दाखल करण्याचा मूळ आदेश, सामाजिक तपासणी अहवाल, वैयक्तिक संगोपन आराखडा, आधार, जन्मतारखेचा पुरावा, शाळा सोडल्याचा दाखला किंवा बोनाफाईड, गुणपत्रिका, बँक पासबुकाची प्रत, पासपोर्ट आकाराचे फोटो. पुढे शिकायचं असेल तर प्रवेशाचं पत्र आणि शुल्काची पावती. प्रत्येकाच्या तीन प्रती काढा आणि एक संच मुलाच्या स्वतःच्या ताब्यात द्या.

अडचण जन्मतारखेपासून सुरू होते. शाळेत एक, आधारवर दुसरी आणि समितीच्या आदेशात तिसरी तारीख, हे सर्रास आढळतं. कलम ९४ मध्ये क्रम दिला आहे: आधी शाळेचा दाखला किंवा मॅट्रिकचं प्रमाणपत्र, ते नसेल तर महापालिका, नगरपालिका किंवा पंचायतीचा जन्मदाखला, आणि दोन्ही नसतील तरच वैद्यकीय चाचणी. या कायद्यापुरतं समितीने नोंदवलेलं वयच खरं वय धरलं जातं. म्हणून समितीचा आदेश आधार मानून बाकीची दुरुस्ती करून घ्या. आधारची बायोमेट्रिक माहिती पंधराव्या वर्षी अद्ययावत करावीच लागते, तेव्हाच नाव आणि तारीखही तपासा. बँक खातं अज्ञान (अठराखालील) म्हणून उघडलेलं असेल तर अठरा झाल्यावर नवी सही आणि केवायसी देऊन ते स्वतःच्या नावावर चालू करून घ्यावं लागतं. हे राहून गेलं तर मंजूर झालेली रक्कमही हातात येत नाही.

आणि पत्ता. अर्ज भरताना एका मुलीचं पेन 'कायमचा पत्ता' या रकान्यावर थांबलं. तोपर्यंत तिने सगळं झरझर भरलं होतं. तिने मला विचारलं, "ताई, इथे बालगृहाचा लिहिला तर पुढच्या महिन्यात तो खोटा होईल ना?" मला पटकन उत्तर देता आलं नाही. व्यावहारिक उत्तर असं: संस्था सोडण्याआधी अधीक्षकांकडून संस्थेच्या लेटरहेडवर निवासाचं प्रमाणपत्र घ्या, त्यावर किती वर्षं राहिली ते लिहून घ्या. अधिवास प्रमाणपत्र काढताना तोच मोठा पुरावा ठरतो. हे काम ती संस्थेत असतानाच उरकायचं, नंतर त्या सहीसाठी हेलपाटे पडतात. सतरा पूर्ण झाली की मतदार नोंदणीचा आगाऊ अर्जही करता येतो.

ज्या मुलांचे आईवडील दोघेही हयात नाहीत, त्यांनी अनाथ प्रमाणपत्राचा अर्ज वेगळा करायचा. महाराष्ट्रात २०१८पासून अनाथांना शिक्षणात आणि शासकीय नोकऱ्यांत १ टक्का आरक्षण आहे. त्यात संस्थेत वाढलेल्यांबरोबर संस्थेबाहेर वाढलेल्यांचाही विचार होतो. अर्ज जिल्हा महिला व बाल विकास अधिकारी कार्यालयात द्या, प्रमाणपत्र विभागीय उपायुक्तांकडून मिळतं. आयटीआय किंवा कॉलेजच्या प्रवेशाआधी ते हातात हवं, त्यामुळे दहावीच्या वर्षातच सुरुवात करा.

बारावीच्या मध्येच अठरा पूर्ण होणारी मुलं दरवर्षी असतात. वाढदिवस नोव्हेंबरात, परीक्षा फेब्रुवारीत. अशा वेळी परीक्षेचं वेळापत्रक किंवा शाळेचं पत्र जोडून, परीक्षा होईपर्यंत राहण्याची जागा बदलू नये अशी स्पष्ट विनंती आराखड्यातच लिहा. तोंडी सांगितलेलं फाइलमध्ये उरत नाही.

नकार आला तर तो लेखी मागा. समितीच्या इतर आदेशांवरचं अपील बाल न्यायालयात जातं, पण प्रतिपालकत्व, प्रायोजकत्व (मुलाच्या कुटुंबाला दिलेली आर्थिक मदत) आणि अनुरक्षणाबाबतच्या निर्णयांवर ते जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांकडे करायचं, असं कलम १०१ सांगतं. मुदत आदेशापासून ३० दिवसांची आहे. वकील लागला तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मोफत मदतीसाठी अर्ज करा. आणि अनुरक्षण सुरू असलेल्या मुलाचं शिक्षण २१नंतरही राहणार असेल तर वाढीव दोन वर्षांची मागणी विसाव्या वर्षीच, चालू वर्षाची गुणपत्रिका जोडून समितीकडे द्या.