‘स्वतःची परिस्थिती, दुसऱ्याचा स्वभाव’ : खुलासा

आपल्याला उशीर झाला तर ट्रॅफिक, दुसऱ्याला झाला तर तो आळशी. माणूस नेहमी असाच हिशेब मांडतो, हे वाक्य मानसशास्त्राच्या नावावर सर्रास खपवलं जातं. मूळ मांडणी मानसशास्त्रज्ञ एडवर्ड जोन्स आणि रिचर्ड निस्बेट यांची, 1971 ची.

2006 मध्ये बर्ट्राम मॅले यांनी 173 अभ्यासांचे आकडे एकत्र केले. स्वतःबद्दल आणि दुसऱ्याबद्दल दिलेल्या कारणांतला सरासरी फरक जवळपास शून्य! वाईट घटनांपुरता हा कल दिसतो; चांगल्या घटनांत उलटतो. बढती मला मिळाली तर माझी हुशारी, त्याला मिळाली तर त्याचं नशीब.

खरी गोम उत्तरांच्या वर्गवारीत आहे. ‘नोकरी का सोडली?’ यावर ‘पगार कमी होता’ म्हटलं की नोंद ‘परिस्थिती’ खाली. ‘मला जास्त पगार हवा होता’ म्हटलं की ‘व्यक्ती’ खाली. कारण तेच, फक्त वाक्याचा कर्ता बदलला. अशा मोजणीतून दुसरं काय निघणार?

फरक आहे, पण वेगळ्या जागी. मॅले आणि सहकाऱ्यांच्या 2007 च्या अभ्यासांत लोक स्वतःच्या कृतीमागचा विचार जास्त सांगतात (‘पाऊस येईल असं वाटलं म्हणून छत्री घेतली’). दुसऱ्याबद्दल त्यामानाने पार्श्वभूमीकडे वळतात: ‘त्याच्या घरचं वळणच तसं’. आणि वळण म्हणजे स्वभावच असं नाही, त्यात परिस्थितीही येते.