हायस्कूलमधला सूड: कमी खर्चाच्या एका भयपट-प्रकाराची पार्श्वभूमी

छळ सोसलेल्या विद्यार्थ्याने छळणाऱ्यांचा एकेक करून काटा काढायचा, हे कथानक आज इतके ओळखीचे झाले आहे की भयपटाच्या जन्मापासूनच ते चालत आले असावे असे वाटते. प्रत्यक्षात त्याची मुळे १९५०च्या दशकातील अमेरिकी चित्रव्यवसायाच्या अडचणीत आहेत. १९४८ साली तेथील सर्वोच्च न्यायालयाच्या निकालामुळे मोठ्या स्टुडिओंना चित्रपटगृहांची मालकी सोडावी लागली, पाठोपाठ टेलिव्हिजन आला आणि प्रौढ प्रेक्षक घरी बसू लागला. ड्राइव्ह-इन थिएटरमध्ये, म्हणजे गाडीत बसूनच चित्रपट पाहायच्या उघड्या मैदानात, गाडी घेऊन येणारी तरुण मुले मात्र उरली. अमेरिकन इंटरनॅशनल पिक्चर्स ही कंपनी याच मुलांवर जगली. तिच्या १९५७च्या ‘आय वॉज अ टीनेज वेअरवुल्फ’ या एक लाख डॉलरहूनही कमी खर्चाच्या चित्रपटात शीघ्रकोपी विद्यार्थ्याचा लांडगा होतो आणि त्याला लांडगा करणारा असतो त्याच्यावर उपचार करणारा डॉक्टर. सूडाची गोष्ट ती नव्हे. पण राक्षस झालेल्या मुलाची कीव यावी आणि मोठ्या माणसांवरचा विश्वास उडावा, ही मांडणी तिथे तयार झाली.

तिला सूडाची जोड मिळाली ती ‘कॅरी’मुळे: छळ सोसणारी शाळकरी मुलगी आपल्या अतींद्रिय शक्तीने सूड घेते अशी ही गोष्ट. स्टीफन किंग मेन राज्यातील एका शाळेत इंग्रजी शिकवत असताना ही कादंबरी लिहीत होते; सुरुवातीची पाने त्यांनी कचऱ्यात टाकली होती आणि पत्नीने ती बाहेर काढली. कादंबरी १९७४ साली आली, ब्रायन डी पाल्मा यांचा चित्रपट १९७६ साली. सुमारे १८ लाख डॉलर खर्चून केलेल्या या चित्रपटाने तीन कोटींहून अधिक डॉलर मिळवले. शाळेच्या नृत्यसमारंभात कॅरीच्या अंगावर ओतली जाणारी डुकराच्या रक्ताची बादली सर्वांना आठवते. त्याहून बोचणारा क्षण त्याआधीच येऊन जातो. मुख्याध्यापक समोर बसलेल्या कॅरीला पुन्हा पुन्हा ‘कॅसी’ म्हणून हाक मारतात. तिचे नावसुद्धा त्यांच्या लक्षात राहत नाही.

त्याच वर्षी आलेला, फारसा गाजला नाही असा ‘मॅसेकर अॅट सेंट्रल हाय’ माझ्या मते या प्रकारातील सर्वांत धारदार चित्रपट आहे. दिग्दर्शक रेने डाल्डर हे मूळचे डच. शाळेत नव्याने आलेला मुलगा दुबळ्यांना छळणाऱ्या टोळीला संपवतो. पण मोकळे झालेले दुबळेच मग सत्तेसाठी झगडू लागतात आणि त्यांनाही मारण्याची पाळी त्याच्यावर येते. या संपूर्ण शाळेत जवळजवळ शेवटपर्यंत एकही शिक्षक किंवा पालक दिसत नाही. प्रौढ नटांचे मानधन वाचवण्याची सोय म्हणून कमी खर्चाच्या चित्रपटांत असे नेहमीच होते, पण इथे ती उणीव हाच कथेचा अर्थ होऊन बसते.

मुखवटाधारी खुन्याच्या १९७८च्या ‘हॅलोविन’ने साधारण तीन लाख डॉलरमध्ये मिळवलेले यश पाहून निर्मात्यांची रीघ लागली. गुंतवणुकीवर मोठी करसवलत देणाऱ्या कॅनडात यातील बरेच चित्रपट तयार झाले आणि १९८०चा ‘प्रॉम नाइट’ त्यांतलाच. नवखे कलाकार, एक मोठी इमारत, तिचे लांब ओसाड मार्ग आणि व्यायामशाळा एवढ्या भांडवलावर चित्रपट उभा राहत असल्याने शाळा निर्मात्यांना परवडणारीच होती. मात्र सूड घेणारा आता मुखवट्याआड गेला. तो कोण, हे शेवटपर्यंत लपवायचे म्हटल्यावर त्याचे दुःख पडद्यावर फारसे दाखवता येत नाही; त्यामुळे सहानुभूती आपोआप त्याच्या सावजांकडे सरकली आणि ‘कॅरी’ने कमावलेली गुंतागुंत रहस्याच्या हव्यासापायी हातची गेली. इंग्लंडमध्ये चित्रित होऊन अमेरिकी शाळेचे सोंग घेणारा १९८६चा ‘स्लॉटर हाय’ छळ झालेल्या मुलाला सुरुवातीलाच दाखवतो खरा, पण त्याचा उपयोग पुढच्या हत्यांसाठी निमित्त एवढाच.

२० एप्रिल १९९९ रोजी कोलंबाइन हायस्कूलमध्ये दोन विद्यार्थ्यांनी १२ विद्यार्थी आणि एका शिक्षकाची हत्या केली, तेव्हा अमेरिकेत या कथानकाकडे पाहण्याची नजरच बदलली. शिक्षिकेविरुद्धच्या कटावरील एका चित्रपटाच्या नावातील ‘किलिंग’ हा शब्द काढून ‘टीचिंग’ करण्यात आला.

तोवर दक्षिण कोरियात या कथेने वेगळे वळण घेतले होते. पार्क की-ह्युंग यांच्या १९९८च्या ‘व्हिस्परिंग कॉरिडॉर्स’मध्ये छळणारे वर्गमित्र नसून मुलींना मारणारे आणि गुणांवरून हिणवणारे शिक्षकच आहेत. नऊ वर्षांपूर्वी मेलेली मुलगी वेगवेगळ्या नावांनी वर्गात येऊन बसते, हजेरी लावते, वार्षिक छायाचित्रांतही दिसते, आणि कित्येक वर्षे कोणाही शिक्षकाला तोच तो चेहरा ओळखू येत नाही.