ताइजी तलवारविद्या (ताइजीजिएन)

चीनमधील आंतरिक युद्धकलांच्या परंपरेतली सरळ, दुधारी तलवारीची विद्या. चिनी भाषेत आंतरिक युद्धकलांना ‘नेइजिया’ आणि या तलवारीला ‘जिएन’ म्हणतात. भारतात ‘ताय ची’ म्हणून परिचित असलेली ताइजीछुआन ही नि:शस्त्र कला हिचा पाया आहे. जुन्या घराण्यांत तलवार वेगळी शिकवत नाहीत. हातांची कला अंगात मुरू लागली की मग ती विद्यार्थ्याच्या हाती देतात. चीनमधील बागांत सकाळी ज्येष्ठ मंडळी तलवारीचा संथ सराव करताना दिसतात. पाहणाऱ्याला तो नाच वाटतो. प्रत्यक्षात त्यातल्या प्रत्येक हालचालीला ठरलेला वार, ठरलेला बचाव आणि समोरच्यापासूनचे ठरलेले अंतर असते. हे अंतर ज्याला समजले नाही त्याच्या हातात फॉर्मचा, म्हणजे हालचालींच्या ठरलेल्या मालिकेचा, फक्त सांगाडा राहतो.

नेइजिया म्हणजे काय

‘आंतरिक’ आणि ‘बाह्य’ असा भेद लिखित स्वरूपात ठळकपणे आला तो १६६९ मध्ये. हुआंग झोंगशी या विद्वानाने वांग झेंगनान या योद्ध्यासाठी लिहिलेल्या मृत्युलेखात शाओलिनची कला बाह्य ठरवली आणि स्थिर राहून गतीवर मात करणारी ती आंतरिक, असे मांडले. या दुसऱ्या कलेचे जनकत्व त्याने वुदांग पर्वतावरील झांग सानफेंग या ताओपंथी सिद्धाला दिले. सानफेंगचा काळ वेगवेगळ्या ग्रंथांत वेगवेगळा दिलेला आहे आणि ताइजीशी त्याचा संबंध जोडणारा समकालीन पुरावा नाही. तरीही परंपरेत त्याला मूळपुरुषाचा मान आहे आणि अनेक शाळांत आजही त्याच्या प्रतिमेला वंदन होते.

ताइजी, शिंगयी आणि बाग्वा या तीन कलांना मिळून नेइजिया म्हणण्याची रीत बरीच अलीकडची. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बीजिंग परिसरातील गुरूंनी एकमेकांच्या विद्यार्थ्यांना शिकवायला सुरुवात केली. पुढे या तिन्ही कलांत पारंगत असलेल्या सुन लुतांग (१८६०–१९३३) यांच्या लेखनामुळे हा गट रूढ झाला. १९२८ मध्ये नानजिंग येथे स्थापन झालेल्या मध्यवर्ती गुओशू (राष्ट्रीय युद्धकला) संस्थेने आरंभी शाओलिन आणि वुदांग असे दोन विभागच पाडले होते. त्यातून भांडणे उभी राहिली आणि विभागणी लवकरच मोडीत काढावी लागली. हा भेद काटेकोर मानण्यात फारसा अर्थ नाही. शिंगयी पाहिली तर ती अनेक ‘बाह्य’ शैलींहून कडक दिसते, आणि शाओलिनचे मुरलेले गुरूही शेवटी मऊपणाकडेच येतात. खरा फरक शिकण्याच्या क्रमात आहे. नेइजियात शरीराची ठेवण आणि स्नायूंतला अनावश्यक ताण सोडणे हे आधी येते. वेग आणि जोर नंतर.

ताइजीचा उगम हेनान प्रांतातील वेन तालुक्यातल्या चेनजियागोउ या गावी, सतराव्या शतकात चेन वांगतिंग यांच्यापाशी सापडतो. १९३०च्या दशकात इतिहासकार तांग हाओ यांनी या गावाला भेट देऊन अभ्यास केला आणि मिंग राजवटीतील सेनापती छी जिग्वांगने नोंदवलेल्या ३२ मुष्टिपवित्र्यांपैकी २९ चेन घराण्याच्या कलेत असल्याचे दाखवले. म्हणजे या ‘मऊ’ कलेची मुळे सैनिकी तालमीत आहेत. चेन चांगशिंग यांच्याकडून यांग लुचान (१७९९–१८७२) ती शिकले आणि त्यांनी ती बीजिंगला नेली. त्यांचे नातू यांग चेंगफू (१८८३–१९३६) यांनी तिला आज जगभर दिसणारे संथ, एकसारख्या गतीचे, मोठ्या हालचालींचे रूप दिले. चेन घराण्याच्या एकेरी तलवारीच्या फॉर्ममध्ये ४९ पवित्रे आहेत आणि त्यांत मध्येच विजेसारखा झटका येतो. यांग तलवारीत तो झटका बाहेर दिसत नाही.

जिएनची वाटचाल

जिएन हे चीनचे फार जुने शस्त्र. १९६५ मध्ये हुबेई प्रांतातील एका कबरीत युए राज्याच्या गोउजिएन राजाची कांस्य तलवार सापडली. तिची लांबी सुमारे ५६ सेंटीमीटर. दोन हजारांहून अधिक वर्षे जमिनीत राहूनही तिची धार शाबूत होती. याच राजाच्या सैन्याला तलवार शिकवणाऱ्या एका तरुणीची कथा पहिल्या शतकातील एका ग्रंथात येते. तिच्या तोंडी असलेला उपदेश थोडक्यात असा: आतून मन भक्कम ठेवावे, बाहेरून शांत दिसावे, पाहणाऱ्याला शालीन स्त्री वाटावी, झडप मात्र वाघाची असावी. यिन-यांग आणि दाराची उघडझाप या भाषेत ती तलवारीचे तत्त्व सांगते. ताइजी हे नाव पुढे आले त्याच्या पुष्कळ आधी हा विचार तलवारीशी जोडलेला होता, हे यातून कळते आणि म्हणून ही कथा महत्त्वाची.

हान राजवटीच्या काळात घोडदळ वाढले, तसे रणांगणावर एकधारी ‘दाओ’ने जिएनला मागे सारले. दाओची पाठ जाड, घडवायला सोपी, शिपायाला शिकवायला त्याहून सोपी. जिएन मग अधिकारी, विद्वान आणि ताओपंथी पुजाऱ्यांकडे राहिली. तांग राजवटीत सम्राट वेनझोंगने ली बाई या कवीची कविता, झांग शूचे सुलेखन आणि पेई मिनची तलवार ही तीन आश्चर्ये म्हणून घोषित केली. लहानपणी गोंगसुन या नर्तकीची तलवार पाहिलेल्या दू फू या कवीने ७६७ मध्ये तिच्या शिष्येचा नाच पाहून कविता लिहिली. लढण्याची विद्या मात्र गुरु-शिष्य परंपरेतच झिरपत राहिली. विसाव्या शतकात तिला उघड्यावर आणणाऱ्यांत सेनापती ली जिंगलिन (१८८५–१९३१) यांचे नाव घ्यावे लागते. त्यांनी सोंग वेइयी यांच्याकडून वुदांग तलवार घेतली होती. गुओशू संस्थेचे उपप्रमुख असताना जोडीने सराव करण्यावर त्यांचा भर असे.

शस्त्र आणि पकड

जिएनच्या पात्याचे व्यवहारात तीन भाग पडतात. मुठीजवळचा भाग जाड आणि जवळजवळ बोथट. समोरचा घाव अडवायचा तो याने. मधला भाग कापत सरकवण्यासाठी. टोकाकडचा भाग सर्वांत धारदार, आणि खरे काम त्याचेच. धार पातळ असल्याने धारेवर धार आदळायची नाही, पात्याच्या सपाट बाजूने घाव वळवायचा हा पहिला नियम. लांबी मापण्याची रीत अशी: तलवार डाव्या हातात उलटी, पाते हाताच्या मागे टेकवून उभी धरली की टोक कानाच्या वरच्या कडेपेक्षा खाली राहू नये. स्पर्धांच्या नियमांत तलवारीचे वजन पुरुषांसाठी किमान ६०० ग्रॅम आणि स्त्रियांसाठी ५०० ग्रॅम असते. जुन्या पद्धतीने शिकवणारे त्याहून जड तलवार पसंत करतात.

मूठ आवळून धरायची नाही. अंगठा, तर्जनी आणि मधले बोट पकड सांभाळतात. उरलेली दोन बोटे गरजेप्रमाणे मिटतात किंवा सैल होतात. नवशिक्याचे सगळे दुखणे इथेच सुरू होते. मूठ घट्ट झाली की मनगट अडते, मनगट अडले की खांदा उचलला जातो, आणि मग तलवार फक्त दंडाच्या जोरावर फिरते. दांडपट्ट्यात हात कोपराजवळपर्यंत लोखंडी आवरणात बंद असतो, त्यामुळे वार आपोआप खांद्या-कमरेतून निघतो. जिएनमध्ये मनगट पूर्ण मोकळे ठेवूनही वार कमरेतूनच काढायचा असतो. ही शिस्त विद्यार्थ्याला स्वतः राखावी लागते.

मोकळ्या डाव्या हाताची तर्जनी आणि मधले बोट सरळ, बाकीची दोन मिटून त्यांच्या नखांवर अंगठा, अशी ‘तलवार-मुद्रा’ असते. ती शोभेसाठी नाही. तिच्यामुळे उजव्या हाताला तोल मिळतो, आपलाच हात आपल्या पात्याखाली येत नाही, आणि जवळ आलेल्या प्रतिस्पर्ध्याचे मनगट दाबायलाही ती उपयोगी पडते.

शिकण्याचा क्रम

पारंपरिक शाळेत आरंभ ‘झानझुआंग’ने, म्हणजे एका जागी स्थिर उभे राहण्याने होतो. गुडघे किंचित वाकलेले, कंबर सैल, डोके वरून धाग्याने टांगल्यासारखे. त्यानंतर हातांचा फॉर्म, मग ‘तुइशोउ’ हा जोडीचा सराव. तुइशोउमध्ये मनगटे एकमेकांना टेकवून समोरच्याचा जोर येतो कुठून आणि जातो कुठे, हे स्पर्शाने ओळखायचे असते. अनेक गुरू यानंतर आधी दाओ देतात आणि नंतर जिएन. शंभर दिवस दाओ, हजार दिवस भाला, दहा हजार दिवस जिएन, या अर्थाची म्हण चीनमध्ये थोड्याफार फरकाने सर्वत्र ऐकू येते. दुसऱ्या एका म्हणीत दाओला पिसाळलेला वाघ आणि जिएनला उडता फिनिक्स म्हटले आहे.

आज बहुतेकांची गाठ आधी पडते ती ३२ पवित्र्यांच्या फॉर्मशी. १९५६ मध्ये चीनच्या क्रीडा आयोगाने यांग शैलीवरून २४ पवित्र्यांचा सोपा हातांचा फॉर्म तयार केला आणि १९५७ मध्ये त्याच धर्तीवर हा तलवारीचा. आठ-आठ पवित्र्यांचे चार भाग, आणि पूर्ण व्हायला सुमारे तीन मिनिटे. सरकारी संकलन म्हणून जुन्या घराण्यांतले काही जण त्याला नाक मुरडतात. पण नीट शिकवला तर त्यात मूळ तंत्रे बरीचशी येतात, आणि नवशिक्याला तो पेलतो.

त्यातल्या दोनच हालचाली पाहाव्यात. पहिला पवित्रा ‘पाय जोडून टोक टेकवणे’. दोन्ही पाय एकत्र, गुडघे किंचित वाकलेले, हात पुढे, आणि मनगट वर उचलून तलवारीचे टोक खाली समोर टिपले जाते, जसे समोरच्याच्या मनगटावरच नेम धरला आहे. या तंत्राला ‘दिएन’ म्हणतात. उचलते फक्त मनगट. खांदा खालीच राहतो. खांदा सोबत वर आला तर टोक थरथरते, आणि ती थरथर लपवता येत नाही. दुसरी हालचाल चौथ्या पवित्र्यातली, उजवीकडे सपाट ‘दाई’. तलवार पुढे जाते, तळवा खाली वळतो आणि पाते तिरके मागे उजव्या नितंबाकडे ओढले जाते. मूठ बाजूला सरकते, टोक मात्र शरीराच्या मध्यरेषेजवळ राहते. समोरून घुसलेला हात या ओढीत कापला जातो. इथे विद्यार्थी हमखास हात ओढतात. ओढायची असते कंबर. पुढचा पाय वजन घेताना कंबर वळते आणि हात तिच्याबरोबर येतो. ‘मूळ पायांत, जोर मांड्यांतून, ताबा कमरेचा, प्रकट बोटांत’ या ताइजीच्या जुन्या सूत्रात बोटांपुढे फक्त पात्याची भर पडते.

वुदांग परंपरेत अशी तेरा मूळ तंत्रे मोजतात: ओढणे, उचलणे, टोचणे, टिपणे, उसळवणे, ढवळणे, दाबणे, चिरणे, अडवणे इत्यादी. पवित्र्यांची नावे मात्र काव्यमय असतात: पाकोळी पाण्याला शिवते, चतुर पाणी टिपतो, सिद्ध वाट दाखवतो, समुद्राच्या तळातून चंद्र उचलला जातो. काही फॉर्ममध्ये ‘यक्ष समुद्र धुंडाळतो’ असाही पवित्रा आहे. हा यक्ष बौद्ध ग्रंथांबरोबर भारतातून चीनला पोचला. नावे पाठ करताना हालचालीचा आकार आणि वेग डोळ्यांपुढे उभा राहतो, म्हणून ती टाळू नयेत.

फॉर्म येऊ लागला की जोडीचा सराव आवश्यक ठरतो, आणि बहुसंख्य वर्गांत नेमका हाच गाळला जातो. ‘चिकटती तलवार’ या सरावात दोघांची पाती एकमेकांना टेकलेली राहतात. आवाज होऊ द्यायचा नाही, संपर्क तुटू द्यायचा नाही, आणि समोरच्याचा जोर सैल झाल्याचे जाणवताच टोक आत सरकवायचे. अनेक ठिकाणी तो लाकडी तलवारींनी करतात. १९६०च्या दशकात न्यूयॉर्कमध्ये शिकवू लागलेले झेंग मानछिंग (१९०२–१९७५) याच पद्धतीसाठी नावाजले गेले. त्यांच्या शिष्यांमुळे अमेरिकेत तलवारीचा जोडीचा सराव रुजला.

आरोग्य आणि मान्यता

आज ताइजीकडे येणाऱ्यांपैकी बहुतेक जण तब्येतीसाठी येतात, आणि त्यात वावगे काही नाही. २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका चाचणीत पार्किन्सनच्या १९५ रुग्णांपैकी काहींनी २४ आठवडे ताइजी, काहींनी वजनांचा व्यायाम, तर काहींनी स्ट्रेचिंग केले. तोल सांभाळण्यात ताइजीचा गट पुढे राहिला आणि त्याच्यात पडण्याचे प्रमाण स्ट्रेचिंगच्या गटापेक्षा कमी होते. ही चाचणी हातांच्या ताइजीची होती, तलवारीची नव्हे. तिचे निष्कर्ष तलवारीला सरसकट लावू नयेत. गुडघ्यांचे दुखणे असणाऱ्यांनी एका पायावरचे आणि खोल बसण्याचे पवित्रे उथळच करावेत. २०२० मध्ये युनेस्कोने ताइजीछुआनला मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिले.

तलवार निवडताना

झेजियांग प्रांतातील लोंगछुआन हे शहर तलवारींसाठी प्रसिद्ध आहे आणि तिथली घडाई चीनच्या राष्ट्रीय अमूर्त वारशात नोंदलेली आहे. मात्र बाजारात ‘लोंगछुआन’ म्हणून विकली जाणारी प्रत्येक तलवार तिथली नसते. स्पर्धेसाठी बनणारी पातळ, लवचीक पाती झटका देताच खणखणतात आणि पाहणाऱ्याला जोर असल्याचा भास होतो. शिकणाऱ्याने ती टाळावी. ताठ पाते मनगटाची चूक लगेच दाखवते. सुरुवातीला बोथट किंवा लाकडी तलवार पुरते. वजन मात्र हाताला जाणवेल इतके हवे आणि तोल मुठीपुढे काही बोटांच्या अंतरावर यावा. मुठीला लावलेला गोंडा नवशिक्याने काढून ठेवावा, तो मनगटात गुंततो. पुढे हात तयार झाल्यावर तोच गोंडा उपयोगी पडतो: कंबर वळली की तो गोल फिरतो, आणि नुसता हात हलला की मनगटावर आपटतो.