परफॉर्मन्सचा व्हिडिओ ही नोंद की कलाकृती: थोडी पार्श्वभूमी

परफॉर्मन्स (कलाकाराने स्वतःच्या शरीराने केलेली कृती, तीच कलाकृती), व्हिडिओ आणि इन्स्टॉलेशन (अख्खी जागा वापरून केलेली मांडणी) असं तिन्ही करणाऱ्या कलाकाराला हल्ली "मल्टिमीडिया आर्टिस्ट" म्हणून मोकळं होतात, पण हे तिन्ही एकाच माणसाच्या हातात आले कसे ते बघायचं तर १९६७ला जावं लागतं. त्याआधी १९५९ची न्यूयॉर्कमधली हॅपनिंग्ज, म्हणजे प्रेक्षकांनाही सामील करून घेणारे कलेचे प्रयोग, आहेत, १९६३ला जर्मनीत वुपरटालच्या गॅलरीत नाम जून पाइकने टीव्हीची चित्रं मुद्दाम बिघडवली होती तेही आहेच. पण १९६७ला पोर्टापॅक आला, म्हणजे एकट्याला उचलून नेता येईल असा व्हिडिओ सेट, आणि फिल्मसारखं लॅबमध्ये धुवायला द्यायची गरज उरली नाही, समोरच्या मॉनिटरवर आपण तिथल्या तिथे दिसतो, त्यामुळे स्टुडिओत एकटं उभं राहून मॉनिटरकडे बघत परफॉर्म करायचं हे तेव्हापासून सुरू झालं.

खरा गुंता इथून पुढचा, आणि तो "डॉक्युमेंटेशन", म्हणजे झालेल्या कामाची नोंद ठेवणं, या शब्दाचा आहे. प्रेक्षकांनी स्टेजवर येऊन कलाकाराचे कपडे कात्रीने कापायचे, तो योको ओनोचा "कट पीस" हा परफॉर्मन्स पहिल्यांदा जपानमधल्या क्योटोत १९६४ला झाला, आपण बघतो ती फिल्म १९६५ची न्यूयॉर्कची. ही नोंद, मान्य, कारण काम हॉलमधल्या माणसांसाठी होतं. पण जोन जोनास या कलाकार बाईंचा १९७२चा "व्हर्टिकल रोल" हा साधारण वीस मिनिटांचा व्हिडिओ घ्या, ज्यात टीव्हीचं चित्र सतत पळतंय, काळी पट्टी खाली सरकतेय, चमचा आपटल्याचा ठक ठक आवाज त्याच ठेक्यात चाललाय आणि बाई उडी मारते तेव्हा ती पट्टीवरूनच उडी मारतेय असं वाटतं. शेवटी तिचं डोकं मॉनिटर आणि कॅमेऱ्याच्या मधे येतं, तेव्हा कळतं की इतका वेळ आपण मॉनिटरचंच शूटिंग बघत होतो. याला नोंद कसं म्हणणार, ती उडी त्या पट्टीशिवाय अस्तित्वातच नाही! माझ्या मते दोन्हीला एकच शब्द लावला तिथेच घोळ झाला.

१९९३ला पेगी फेलन या अभ्यासकाचा एक सिद्धांत खूप गाजला की परफॉर्मन्स फक्त वर्तमानात असतो, रेकॉर्ड केला की तो दुसरंच काहीतरी होतो. मग २००५ला न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम म्युझियममध्ये मरीना अब्रामोविच या कलाकाराने सात रात्री, रोज सात तास, परफॉर्मन्स केले, त्यातले सहा जुने पुन्हा केलेले, तेही बरेचसे दुसऱ्यांचे, आणि २०१०च्या तिच्या मोठ्या प्रदर्शनात तर ती स्वतः ७००हून जास्त तास खुर्चीत बसून होती आणि तिचीच जुनी कामं तरुण परफॉर्मर करत होते. यावर बरेच वाद झाले, पण जुनी कामं पुन्हा करून दाखवायचा हा निर्णय मला पटतो, कारण शरीराने केलेलं काम शरीराकडूनच शिकता येतं.

व्हिडिओचं मात्र तसं होत नाही. १९७२चं ते काम पिक्चर ट्यूबच्या टीव्हीवर बघणाऱ्याला आधी आपलाच सेट बिघडलाय असं वाटायचं, हात बटणाकडे जायचा. आता ते फ्लॅट स्क्रीनवर दाखवतात, आणि समोर उभ्या असलेल्या पोरांनी चित्र पळणारा टीव्ही कधी बघितलेलाच नाही.