कालनकाशा

कालनकाशा म्हणजे काळात मागं-पुढं जाताना वाट दाखवणारं एक काल्पनिक तंत्रज्ञान. असं यंत्र कुणी बनवलेलं नाहीय, ही विज्ञानकथेतली कल्पना आहे, पण ती नीट समजून घ्यायला सांगलीसारखं गाव दुसरं सापडणार नाही. टाइम मशीन तुम्हाला फक्त नेऊन सोडतं, पोचल्यावर पायाखाली जमीन असेल की पाणी हे सांगायचं काम नकाशाचं, आणि खरी अवघड गोष्ट तीच आहे असं माझं ठाम मत आहे.

यातला विज्ञानाचा पाया मात्र खरा आहे. १९०८ साली हर्मान मिन्कोव्स्की या गणितज्ञानं मांडलं की जागा आणि काळ वेगळे धरायचेच नाहीत, दोन्ही मिळून एकच चार मितींचं अवकाश होतं. आपल्या मोबाइलमधल्या जीपीएसलाही हा हिशोब रोज करावा लागतो, कारण उपग्रहावरची घड्याळं जमिनीवरच्यापेक्षा दिवसाला साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढं धावतात आणि ते दुरुस्त केलं नाही तर ठिकाण एका दिवसात काही किलोमीटरनं चुकेल. त्यात पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला ३० किलोमीटरच्या आसपास वेगानं फिरतेय. म्हणजे नुसतं एक सेकंद मागं गेलात आणि सूर्याच्या हिशोबानं जागा तीच ठेवलीत, तर सांगली-मिरज अंतराच्या तिप्पट लांब हवेत लटकाल. त्यामुळं कालनकाशाचा पहिला नियम असा की मूळबिंदू, म्हणजे जिथून सगळं मोजायचं ती जागा, जमिनीला बांधायचा, आकाशाला नाही.

सांगलीसाठी मूळबिंदू कुठला म्हणाल तर कृष्णेवरचा आयर्विन पूल. पावसाळ्यात अख्खं गाव सकाळी उठल्या उठल्या "आयर्विनला किती फूट?" हेच विचारतं, ४० फुटाला इशारा पातळी, ४५ ला धोका पातळी, आणि ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी ५७ फुटांच्या वर गेलं होतं. पण हाच पूल काळात फसवतो. तो १९२९ चा. आज पुलाच्या मधोमध उभं राहून १९२० ला उडी मारली तर खाली सरळ कृष्णा. म्हणून नकाशात प्रत्येक जागेची एक उभी पट्टी असते, वर्षावर वर्ष रचलेली, आणि प्रत्येक वर्षाच्या थरात तिथली जमिनीची उंची, बांधकाम, पाणी हे सगळं नोंदवलेलं असतं. सांगलीजवळच्या हरिपूरला तर आणखी सावध राहावं लागतं, तिथं हळद साठवायची पेवं आहेत, जमिनीत खोल खणलेली, तोंड लहान आणि आत ऐसपैस, वरून बघितलं तर नुसती माती. आज सपाट दिसणाऱ्या रानात आधीच्या एखाद्या वर्षी पेव उघडं असलं तर माणूस थेट आत. अशा जागा नकाशावर लाल पट्ट्यानं बंद केलेल्या असतात.

मग १९२० बघायचं तर काय करायचं? आधी आजच्याच काळात चालत गणपती मंदिराच्या आवारात जायचं, कारण ते सांगलीचे संस्थानिक पटवर्धन यांच्या काळापासून तिथंच आहे, आणि मग मागं जायचं, तेही उन्हाळ्यात. मंदिर नदीकाठाला असल्यामुळं पावसाळ्यातली तारीख घेतली तर पातळी बघितल्याशिवाय उतरायचं नाही. घड्याळाचाही घोळ आहे. भारतीय प्रमाणवेळ १९०६ पासूनची, आणि सांगलीचा सूर्य तिच्या मागं सरासरी ३२ मिनिटं, त्यामुळं १८९० ला दुपारी बारा म्हणून उतराल तर आधी ठरवा की बारा कुणाचे.

पट्ट्या भरायला माहिती कुठून आणायची, तर मोडी कागद, जुने फेरफार, भिंतीवर रंगानं मारलेल्या पुराच्या खुणा. गावभागात, म्हणजे जुन्या सांगलीत, अजून काही घरांवर २००५ ची रेघ आणि तिच्या वर २०१९ ची रेघ दिसते, दोन्हीच्या मधे काही फुटांचं अंतर, आणि एवढी अचूक नोंद कुठल्या कचेरीच्या कागदात मिळायची नाही. ज्या माणसानं रेघ मारली त्यानं स्वतः पाणी बघितलेलं असतं, म्हणून असल्या खुणांचा मान मोठा, त्या रंगकामात पुसल्या जातात याचं फार वाईट वाटतं.

पुढच्या काळाचा नकाशा काढणं जास्त अवघड, आणि गंमत म्हणजे कृष्णाकाठची माणसं तो थोडाफार काढतातच. कोयना धरणातून किती क्यूसेक, म्हणजे सेकंदाला किती घनफूट, पाणी सोडलं हे कळलं की कराडचा कृष्णा पूल, मग बहे, ताकारी, भिलवडी अशा पातळ्या एकेक करून बघत सांगलीला पाणी कधी वाढणार याचा अंदाज बांधायचा, म्हणजे वर कराडला जे आत्ता आहे ते सांगलीचं पुढचं आहे. कालनकाशात पुढची बाजू याच पद्धतीनं भरलेली धरतात, निघालेलं पाणी जिथवर मोजता येतं तिथवर रेषा ठळक, त्याच्या पलीकडं फिकट. आणि तिथंही एक रेषा पुरत नाही, कारण हरिपूरच्या संगमाला वारणा फुगलेली असली की कृष्णेचं पाणी तुंबतं आणि आयर्विनची पातळी उतरायला वेळ लागतो, म्हणून सांगलीच्या पट्टीवर पुढं दोन फाटे काढावे लागतात, एक वारणा शांत धरून आणि एक फुगलेली धरून.