पक्षीशकुन : ठाणे–नवी मुंबई परिसर

पक्षी कुठे दिसला, कधी ओरडला, कोणत्या बाजूने उडाला, घरटे कशावर बांधले, यावरून पुढे काय घडणार याचा अंदाज बांधण्याच्या प्रथेला पक्षीशकुन म्हणतात. ठाणे शहर, खाडीच्या पूर्वेकडची नवी मुंबई आणि या दोन्ही शहरांच्या पोटात शिल्लक राहिलेली आगरी-कोळी गावे या पट्ट्यात ही प्रथा आजही आहे, पण सगळीकडे सारखी नाही. एकाच नावाखाली इथे दोन वेगळ्या गोष्टी नांदतात. पाऊसपाण्याचा अंदाज ही एक आणि माणसाच्या नशिबाचा अंदाज ही दुसरी. पहिलीच्या मागे पिढ्यान्‌पिढ्यांचे निरीक्षण आहे, दुसरीच्या मागे मनातली आशा आणि धास्ती. दोन्ही एकाच मापाने तोलल्या की घोटाळा होतो, म्हणून या नोंदीत त्या वेगळ्या ठेवल्या आहेत.

प्रथा फार जुनी आहे. ऋग्वेदाच्या दुसऱ्या मंडलातील शेवटची दोन सूक्ते शकुन सांगणाऱ्या पक्ष्याला उद्देशून आहेत. आमच्यासाठी शुभ बोल, अशी त्यांत विनवणी आहे. दहाव्या मंडलातील एका सूक्तात घरात शिरलेल्या कपोताला, म्हणजे कबुतराला, निर्ऋती या विनाशाच्या देवतेचा दूत मानले असून त्याचा दोष जावा म्हणून प्रार्थना केली आहे. ज्या कबुतराची एवढी भीती होती, ते आज ठाण्यातल्या इमारतींच्या प्रत्येक सज्जावर घुमते. खिडकीला जाळी बसवतात ती आता श्वसनाच्या आजारांच्या धास्तीने. सहाव्या शतकात वराहमिहिराने बृहत्संहितेत शकुनांवर अनेक अध्याय लिहिले आणि एक अख्खा अध्याय कावळ्याच्या ओरडण्याला दिला. भारताबाहेर प्राचीन रोममध्ये हे काम सरकारी होते. ऑगर नावाचे अधिकारी आकाशाचे भाग पाडून पक्ष्यांचे उड्डाण पाहत आणि मगच मोहिमेला किंवा सभेला संमती मिळे. इसवी सनापूर्वी २४९ मध्ये ड्रेपाना येथील आरमारी लढाईपूर्वी शकुन पाहण्यासाठी ठेवलेल्या पवित्र कोंबड्या दाणे टिपेनात, तेव्हा सेनापती पुल्करने ‘खात नसतील तर पिऊ देत’ म्हणून त्या समुद्रात फेकल्या आणि लढाई हरला, अशी कथा रोमन लेखकांनी सांगितली आहे. रोमन डावी बाजू शुभ मानत, ग्रीक उजवी. एकच पक्षी पाहणाऱ्याच्या एकाच हाताला दिसला तरी दोन देशांत त्याचे फळ उलटे निघे, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

कोकणपट्टीतील समजुतींची पहिली मोठी नोंद विसाव्या शतकाच्या आरंभी झाली. ए. एम. टी. जॅक्सन या इंग्रज अधिकाऱ्याने शाळामास्तरांकडून लोकसमजुतींची माहिती गोळा केली. १९०९ मध्ये नाशिकला जॅक्सनची हत्या झाली. पुढे आर. ई. एन्थोव्हेन यांनी ही सामग्री संपादित केली आणि कोकणचा भाग १९१५ मध्ये छापून आला. त्यात पक्षीशकुन आले ते घर, शेत आणि स्मशान यांच्या संदर्भात. आपल्याकडे हा विषय दरबाराचा कधी फारसा नव्हताच. तो ओटीवरचा आणि बांधावरचा होता.

कावळा

या परिसरात कावळ्याइतका वाचला जाणारा दुसरा पक्षी नाही. सकाळी खिडकीत येऊन कावकाव करू लागला की ‘आज पाहुणे येणार’ असे घराघरांत म्हणतात. ‘पैल तो गे काऊ कोकताहे, शकुन गे माये सांगताहे’ या ज्ञानदेवांच्या विरहिणीत याच समजुतीला भक्तीचे रूप मिळाले आहे. विठ्ठल घरी कधी येणार, हे कावळ्याला विचारायचे आणि बदल्यात त्याचे पाय सोन्याने मढवायचे कबूल करायचे. अशुभ खुणाही कावळ्याच्याच. तो डोक्याला शिवला किंवा कावळ्यांचे मैथुन नजरेस पडले तर मृत्यूची चाहूल मानत. त्यावर जुन्या पिढीत एक विलक्षण उतारा होता. आपण वारल्याची खोटी खबर दूरच्या नातलगांना पाठवायची. ते रडले की संकट टळले.

सर्वांत गंभीर वाचन मात्र दहाव्याला होते. तळ्याकाठी किंवा खाडीच्या घाटावर भाताचे पिंड मांडतात, शेजारी गेलेल्या माणसाच्या आवडीचा पदार्थ ठेवतात आणि सगळे मागे सरतात. कावळा लगेच शिवला तर माणूस तृप्त होऊन गेला. नाही शिवला तर काहीतरी मागे राहिले. मग कुजबुज सुरू होते. गुरुजी म्हणतात, मनात काही असेल तर बोलून टाका. थोरला मुलगा हात जोडून पुढे होतो आणि सर्वांदेखत म्हणतो, ‘बाबा, आईची काळजी करू नका. धाकटीचं लग्न आम्ही करू. गावचं घर विकणार नाही.’ बराच वेळ गेला तरी कावळा फिरकला नाही, तर शेवटी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावतात. बाहेरून पाहणाऱ्याला हे सगळे पक्ष्याच्या भुकेवर अवलंबून आहे असे वाटेल आणि तसे ते आहेही. घाटाजवळच्या कावळ्यांचे पोट सकाळच्या पहिल्या दोन पिंडांवरच भरलेले असते. पण त्या अर्ध्या तासात जी वचने दिली जातात ती खरी असतात, चार माणसांसमोर दिलेली असतात आणि पुष्कळदा पाळलीही जातात. प्रस्तुत लेखकाच्या मते पक्षीशकुनाचा हा एकच प्रकार असा आहे, ज्यात भविष्य सांगितले जात नाही, ठरवले जाते.

पितृपक्षातही कावळ्याची वाट पाहतात. उंच इमारतींत राहणारे लोक गच्चीवर किंवा खिडकीबाहेरच्या एसीच्या डब्यावर केळीच्या पानाचा तुकडा ठेवतात. त्या पंधरवड्यात अन्न इतके उदंड असते की कावळा कुठेच नीट बसत नाही आणि दरवर्षी ‘कावळे कमी झाले’ अशी तक्रार ऐकू येते.

घरट्यावरून पाऊस

ऋतूचे शकुनही कावळ्यापासूनच सुरू होतात. वैशाखात निकोप झाडावर घरटे दिसले तर सुबत्ता, काटेरी किंवा वाळक्या झाडावर दिसले तर दुष्काळ आणि भय, असे वराहमिहिर सांगतो. वनाधिकारी आणि अरण्यलेखक मारुती चितमपल्ली यांनी महाराष्ट्रातून टिपलेली समजूत जवळपास हीच आहे : आंबा किंवा करंजावर घरटे असेल तर पाऊस चांगला, बाभळीसारख्या काटेरी झाडावर असेल तर कमी. चौदाशे वर्षांचे अंतर ओलांडून एक नियम टिकला. दुसरा मात्र उलटला. झाडाच्या शेंड्यावरचे घरटे वराहमिहिराला भरपूर पावसाची खूण वाटते. आपल्याकडच्या शेतकऱ्याला तीच अवर्षणाची वाटते, कारण वादळी पाऊस येणार असता तर कावळ्याने शेंडा निवडलाच नसता. शेतकऱ्याचा तर्क अधिक पटणारा आहे. तरी घरट्याची जागा आणि हंगामाचा पाऊस यांचे नाते मोजमापाने सिद्ध झालेले नाही. कावळा एप्रिल ते जूनच्या दरम्यान घरटे बांधतो तेव्हा भक्कम बेचके, वाऱ्याची दिशा आणि जवळचे अन्न पाहतो. एवढे पाहणाऱ्या पक्ष्याकडून चालू आठवड्याच्या हवेबद्दल काही कळू शकेल. पुढच्या चार महिन्यांबद्दल कळणे कठीण.

शहरात हे वाचन आणखी अवघड झाले आहे. वाशी-नेरूळच्या रस्त्यांवर कावळ्याला आंबा-करंजापेक्षा गुलमोहर आणि पर्जन्यवृक्ष अधिक सापडतात, काही जोड्या तर मोबाइलच्या मनोऱ्यावर बसतात. अशा ठिकाणचे घरटे जवळून पाहिले तर काटक्यांच्या जोडीला बांधकामावरची बंधनतार, कपड्यांच्या हँगरच्या वाकवलेल्या तारा आणि केबलचे तुकडे एकात एक गुंतवलेले दिसतात. आत मात्र काथ्या आणि केसांची मऊ गादी असते. लोखंडी मनोऱ्यावर तारेचे घरटे, याला जुन्या शकुनात उत्तर नाही.

पावशाची गोष्ट वेगळी. ‘पेर्ते व्हा, पेर्ते व्हा’ ही त्याची साद येऊरच्या रानात आणि पारसिकच्या डोंगरउतारावर उन्हाळाभर चढत जाते. ती नराची विणीच्या काळातली साद आहे. पावशा आपली अंडी सातभाई या पक्ष्यांच्या घरट्यात घालतो, त्यामुळे त्याचे वेळापत्रक सातभाईंच्या विणीशी आणि किडा-अळ्यांच्या हंगामाशी बांधलेले असते. पाऊस आणि पावशा एकाच ऋतुचक्रातून येतात, म्हणून शेतकऱ्याचा त्याच्यावरचा विश्वास अगदीच निराधार नव्हता. चातकाचे तर याहून सरळ आहे. तो आफ्रिकेतून नैर्ऋत्य वाऱ्यांच्या साथीने येतो. मेअखेर-जूनच्या आरंभी तो इथे दिसला, तर वारे फिरले एवढे नक्की समजावे. हवामान खात्याच्या हिशोबात मुंबईत मोसमी पाऊस पोहोचण्याची सर्वसाधारण तारीख ११ जून आहे; २०२५ मध्ये तो २६ मे रोजीच पोहोचला. अशा वर्षी तारखेपेक्षा पक्ष्याकडे पाहणे शहाणपणाचे ठरू शकते, पण पेरणीचा निर्णय त्याच्या एकट्याच्या भरवशावर घेऊ नये.

टिटवीने अंडी उंचवट्यावर घातली तर पाऊस जोराचा, खोलगट जागी घातली तर बेताचा, अशीही समजूत आहे. रात्री टिटवी ओरडत गेली तर मात्र वाईट बातमी येणार म्हणून बायका धसकतात. टिटवी उघड्या जमिनीवर अंडी घालते आणि कुत्रा, मुंगूस किंवा माणूस जवळून गेला की आकांत करते. नवी मुंबईतल्या मोकळ्या भूखंडांवर रात्रभर यांची ये-जा असते. इथे टिटवी खोटे बोलत नाही. ती आपल्या पिलांवरचे संकट सांगते, आपण ते आपल्यावर ओढून घेतो.

या ऋतुशकुनांचा खरा आधार भातशेती, मिठागरे आणि खाडीतली मासेमारी हा होता. १९७० मध्ये नवी मुंबई वसवण्यासाठी सिडको हे सरकारी महामंडळ स्थापन झाले आणि ठाणे, पनवेल, उरण भागांतील ९५ गावांची जमीन नव्या शहरासाठी घेण्यात आली. घणसोली, बेलापूर, करावे, दिवाळे ही गावे राहिली, पण शेते बहुतेक गेली. ज्याला पेरायचे नाही त्याने पावशा ऐकून करायचे काय? ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्यात आणि दिवाळ्यासारख्या गावांत खाडीवर जाणारे लोक अजून आहेत. पाण्यावर सुरय आणि कुरव हे पाणपक्षी घिरट्या घालून एकाच जागी सूर मारू लागले की खाली बारीक मासळीचा थवा आहे, हे कुठल्याही मच्छीमाराला कळते. याला कोणी शकुन म्हणत नाही, तरी पक्ष्यावरून पुढचे ओळखण्याची याहून खात्रीची रीत या परिसरात नाही.

इतर पक्षी

भारद्वाजाचे दर्शन शुभ मानतात. ठाण्याच्या जुन्या सोसायट्यांच्या कुंपणाच्या झुडपांत तो गोगलगायी शोधत चालतो. काळे अंग, विटकरी पंख, लालभडक डोळा. सकाळी कामाला निघताना दिसला तर माणसे क्षणभर थांबून हात जोडतात. त्याला कुंभारकावळा असेही नाव आहे. दसऱ्याला नीलकंठ, म्हणजे चाष, पाहण्याची रीत आहे. तो इथे हिवाळी पाहुणा असल्याने दसऱ्याला हमखास दिसतो असे नाही.

घुबडाच्या वाट्याला मात्र छळच आला. त्याला दगड मारला तर ते तो उचलून पाण्यात टाकते आणि दगड झिजतो तसा मारणारा झिजत जातो, ही जुनी समजूत एका अर्थी त्याचे रक्षणच करत असे. आता ती विसरली गेली आणि लक्ष्मीचे वाहन म्हणून दिवाळीच्या सुमारास बळी देण्याची अघोरी कल्पना उरली. इमारतींच्या पोकळ्यांत राहणारे गव्हाणी घुबड उंदरांवर जगते. त्याला अपशकुनी म्हणणे हा अन्याय आहे.

शकुन सांगून पोट भरणाऱ्यांत पिंगळा जोशी, म्हणजेच कुडमुडे जोशी, सर्वांत जुना. पिंगळा या छोट्या घुबडाची भाषा आपल्याला कळते असे सांगत तो दिवस उगवण्यापूर्वी कुडमुडे वाजवत दारोदार फिरे आणि घरातल्यांचे भविष्य ऐकवी. एकनाथांच्या भारुडांत त्याचे पात्र आहे. फाटकावर रखवालदार असलेल्या वसाहतींत पहाटे त्याला कोण आत सोडणार. तो जवळपास दिसेनासा झाला. स्टेशनबाहेर आणि जत्रेत बसणारा पोपटवाला त्यामानाने अलीकडेपर्यंत टिकला. पंख छाटलेला पोपट पिंजऱ्यातून बाहेर येतो, मांडलेल्या पाकिटांतले एक चोचीने ओढतो, दाणा घेतो आणि आत जातो. यात पक्ष्याचे निरीक्षण कुठेच नाही. कावळा बसायला आणि फांदी मोडायला गाठ पडली, एवढेसुद्धा इथे घडत नाही. पोपट दाण्यासाठी शिकवल्याप्रमाणे करतो.

खाडीतला सर्वांत प्रसिद्ध पक्षी रोहित (फ्लेमिंगो) जुन्या शकुनात जवळपास नाहीच. कारण सरळ आहे : रोहितांचे मोठे थवे इथे येऊ लागले ते १९९० च्या दशकात. २०१५ मध्ये ठाणे खाडी रोहित अभयारण्य घोषित झाले, २०२२ मध्ये खाडीला रामसर स्थळाचा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळीचा, दर्जा मिळाला. नेरूळच्या पाणथळीत भरतीचे पाणी येण्याचे मार्ग बुजले आणि तळे सुकू लागले, तेव्हा रोहितांनी पाठ फिरवल्यावरूनच रहिवाशांनी बिघाड ओळखला व आवाज उठवला. पक्षी पाहून पुढचे ताडण्याची ही या शहराची स्वतःची, नवी रीत म्हणता येईल.

वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ नुसार देशी पोपट आणि घुबड पकडणे, बाळगणे, विकणे गुन्हा आहे. भविष्य सांगण्यासाठी पाळला होता ही सबब चालत नाही. असा पक्षी पिंजऱ्यात दिसल्यास वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवता येते.